मामीचा डोंगर

मी लहानपणी गोड मुलगी नव्हते. हे आधीच सांगून टाकलेलं बरं, कारण आठवणी लिहायला बसलेली माणसं स्वतःला हटकून निरागस करून टाकतात आणि दोष काळावर नाहीतर परिस्थितीवर ढकलतात. आमची परिस्थिती बरी होती आणि काळालाही काही झालं नव्हतं. बदलापूर पश्चिमेला मांजर्लीत, नदीपासून जरा वर, आमचं दोन खोल्यांचं घर होतं. ज्या गोष्टीबद्दल मी लिहिते आहे ती मी अकराव्या वर्षी, पूर्ण शुद्धीत, स्वतःच्या हाताने केली.

बाबा अंबरनाथच्या एका कारखान्यात ड्रॉइंग ऑफिसात ट्रेसर होते. इंजिनिअर पेन्सिलीने यंत्राचं चित्र काढून देत, बाबा त्यावर पारदर्शक ट्रेसिंग कागद अंथरून तेच चित्र काळ्या शाईने उतरवत. त्या ट्रेसिंगवरून मग अमोनियाच्या मशीनमध्ये हव्या तितक्या निळसर प्रती निघत. संध्याकाळी दारातून आधी अमोनियाचा वास यायचा आणि मागून बाबा. ट्रेसिंगचे उरलेले तुकडे ते घरी आणत आणि रविवारी मला शिकवत. पेन किती उभं धरायचं, रेघ ओढताना श्वास कसा धरून ठेवायचा, स्टेन्सिलमधून अक्षरं कशी काढायची, आणि चुकलं तर अर्ध्या ब्लेडने शाई कशी खरवडायची. माझा हात चांगला होता. बाबांनी तसं तोंडाने कधी म्हटलं नाही, पण मला एकच रेघ दोनदा काढायला लावत नसत.

प्रत्येक ड्रॉइंगच्या उजव्या कोपऱ्यात खाली एक चौकट असते. कारखान्यात ती इंग्रजीत असे, आम्ही घरी मराठीत केली होती. तीन घरं: रेखाटले, तपासले, मंजूर. प्रत्येक घरात त्या त्या माणसाने आपल्या नावाचं पहिलं अक्षर घालायचं. एकदा एका ड्रॉइंगमध्ये एक भोक दोन मिलिमीटर सरकलं. चूक इंजिनिअरच्या पेन्सिलीची होती, तपासणाऱ्याने ती पाहिली नव्हती आणि साहेबांनी न बघता सही ठोकली होती. मेमो बाबांना मिळाला. त्या दिवशी जेवताना ते आईला म्हणाले, "पहिल्या घरात ज्याचं अक्षर, खापर त्याच्या डोक्यावर. बाकीचे दोघे शोभेला." मी ताटावर मान घालून जेवत होते, पण ते वाक्य मी उचलून ठेवलं. माझी आत्तेबहीण तेव्हा आमच्याकडे राहायला आलेली नव्हती.

ती आली त्या वर्षीच्या दिवाळीनंतर. माझी आत्या उल्हासनगरला राहायची आणि घरी बसून पँटींना काज-बटणं करायची. तिथल्या कारखानदारांकडून गठ्ठे यायचे, शिवून झाले की परत जायचे. आत्या पावसाळ्यात काविळीने गेली. दाजींनी, म्हणजे तिच्या नवऱ्याने, चार महिन्यांत दुसरं लग्न केलं आणि नव्या बाईने मुलीला पाण्यात पाहायला सुरुवात केली. बाबा जाऊन भाचीला घेऊन आले. माझ्याहून वर्षाने लहान, तेल लावून घट्ट बांधलेल्या दोन वेण्या, आणि बोलताना मध्येच हिंदी. तिच्याकडे एक पिशवीभर कपडे होते आणि एक बेट होतं.

बेटाचं नाव वेलंग. हे तिने पहिल्याच आठवड्यात सांगितलं, आपलं गाव सांगावं तितक्या सहज. आत्या आणि ती गठ्ठ्यांमध्ये बसून काज शिवता शिवता ते रचत आल्या होत्या. आत्या एक प्रदेश सांगायची, ही दुसरा. कागदावर एक अक्षर नव्हतं. सगळं तोंडी, आणि सगळं पक्कं. आज काही सांगितलं आणि महिन्याने पुन्हा विचारलं तर एक ओढासुद्धा इकडचा तिकडे व्हायचा नाही. मी मुद्दाम फसवून पाहिलं होतं.

वेलंगच्या चारही बाजूंना खवळलेला समुद्र. जहाज लागेल असा किनारा एकच, पश्चिमेला, त्याचं नाव मीठखडा. तिथले लोक इतकी वर्षं मिठात राबलेले की त्यांच्या भुवया पांढऱ्या. मीठखड्यावरून आत शिरलं की तीन घोड्यांचं पठार. तिथे राजाचे तीन सरदार तीन गढ्या बांधून राहायचे आणि एकमेकांशी बोलायचे नाहीत, निरोप पाठवायचा तर घोडा पाठवायचे, घोड्याच्या चालीवरून निरोप कळायचा. पठाराच्या पूर्वेला आंधळं खोरं. तिथे ऊन पोचत नसे, म्हणून लोक दोऱ्या बांधून ठेवायचे, विहिरीची दोरी वेगळी, देवळाची वेगळी, स्मशानाची वेगळी, आणि दोरी हाताने चाचपत चालायचे. दक्षिणेला खारटण, नुसता चिखल आणि बगळे. मधोमध राजाचं तळं आणि तळ्यात राजाचा किल्ला.

वेलंगच्या नद्या समुद्राला मिळत नसत. समुद्रातून निघून त्या आत वाहत यायच्या आणि राजाच्या तळ्यात पडायच्या. वाटेत प्रत्येक नदीवर सात दरवाजे. पहिल्या दरवाजाशी पाणी खारट, मग प्रत्येक दरवाजा त्यातलं थोडं मीठ काढून घ्यायचा, सातव्यानंतर पाणी पिण्याजोगं. मी तिला भूगोलाचं पुस्तक उघडून दाखवलं. नदी डोंगरात उगम पावते आणि समुद्राला मिळते, लिहिलंय इथे. ती म्हणाली, "ते आपल्याकडे. वेलंगमध्ये नाय. मम्मीने पाऊस बघून सांगितलं होतं, पाणी भरलं ना की बाहेरून आत येतं." आमच्या मांजर्लीत उल्हास नदी जोराच्या पावसात हेच करायची, गल्लीतून वर यायची आणि पहिल्या पायरीला लागायची. त्यामुळे मी पुस्तक मिटलं. नाकाला मिरच्या झोंबल्या त्या वेगळ्याच.

आणि एक कायदा होता. वेलंगमध्ये ज्याच्या नावावर जमीन नाही त्याने पाचव्या ओहोटीला बेट सोडायचं. होडी राजा देणार, वल्ही आपली आपण करायची. हा कायदा तिच्या आईने केलेला नव्हता, तो हिने स्वतः केला होता, आमच्याकडे आल्यावर.

मी तिला म्हटलं, आपण नकाशा करू. तिचा चेहरा असा खुलला की मला तेव्हाच कळलं, आता ही माझ्या हातात आली. तिला रेघ ओढता येत नव्हती. ती सांगायची, मी काढायची. रविवारी आणि रोज शाळेनंतर, मागच्या खिडकीखाली, जमिनीवर पोट टेकून. आठ तुकड्यांवर वेलंगचे आठ भाग करायचे आणि मग एका मोठ्या अखंड ट्रेसिंगवर सगळं बेट उतरवायचं असं ठरलं. मी ड्रॉइंग ऑफिसाचे नियम लावले. प्रत्येक कागदाला चौकट. रेखाटलेमध्ये माझं अक्षर, तपासलेमध्ये तिचं, मंजूरमध्ये पुन्हा माझं, कारण राजा मी. ती म्हणाली, "पण बेट माझं आहे." मी म्हटलं, "रेखाटले म्हणजे ज्याने रेघ काढली तो. तू काढलीस रेघ?" तिने तपासलेच्या घरात आपलं अक्षर घातलं. पण दर नव्या कागदाला विचारायची, आता तरी माझं अक्षर पहिल्या घरात घालशील का. मी सांगायचे, बघू. तिला वाटायचं ते मानाचं घर आहे. बाबांचा मेमो तिला माहीत नव्हता आणि मी सांगितला नाही.

जमिनीही मीच वाटल्या. पठार मला, मीठखडा मला, तळं राजाचं म्हणजे मलाच. तिला खारटण दिलं. कधी मला राग आला की मी खारटणही काढून घ्यायची आणि बोटावर ओहोट्या मोजायला लागायची. एक. दोन. तिसऱ्या ओहोटीला ती माझी शाळेची बाटली भरून आणायची, चौथीला माझ्या वाटणीची भांडी घासायची. पाचव्याला मी दया करायची. मला या खेळाची फार मजा वाटायची. आजही ती मजा आठवते, हे लिहून ठेवते.

कारण तिची खरी ओहोटीही जवळ येत होती. आईने तिला जूनपर्यंत ठेवून घेतलं होतं. जूनमध्ये ठरायचं होतं: एकतर तिचं नाव आमच्या रेशनकार्डावर चढणार आणि माझ्याच शाळेत पुढच्या वर्गात जाणार, नाहीतर परत उल्हासनगरला, त्या बाईच्या हाताखाली. आई वाईट नव्हती. मोजूनमापून वागणारी होती, आणि मुलगी कशी निघते ते बघू म्हणाली होती. त्या बघण्यात पोरीने सहा महिने श्वास धरून काढले.

आणि ती चांगलीच निघायला लागली, हेच माझं दुखणं. आईच्या मानेवर आणि डाव्या खांद्यावर कोड होतं. बिल्डिंगमध्ये कुणाला माहीत नव्हतं. आई मे महिन्यातसुद्धा बंद गळ्याचा, कोपरापर्यंत बाह्यांचा ब्लाउज घालायची, वरून पदर लपेटून घ्यायची आणि हळदीकुंकवाला काहीतरी कारण सांगून जायची नाही. वैद्याने बावचीचं तेल दिलं होतं. ते डागांना लावून दुपारी थोडा वेळ उन्हात बसायचं. मानेमागे तिचा हात पोचायचा नाही. आधी तिने मला सांगितलं होतं. मी तेलाची वाटी हातात घेतली, तो पांढरा डाग बघितला आणि तोंड वाकडं केलं. आईने माझ्या हातातून वाटी काढून घेतली. पुन्हा कधी सांगितलं नाही. एप्रिलपासून ते तेल भाची लावायला लागली. मागच्या खोलीची खिडकी अर्धी लोटलेली, आई पाठमोरी बसलेली, आणि ती एका बोटाने, जपून, डागाच्या कडेने तेल फिरवतेय. दोघी हळूहळू बोलत असायच्या. मी दारातून बघायचे. मानेवरचा डाग पिंपळाच्या पानासारखा होता, खांद्यावर दोन गोल होते. माझी नजर चांगली होती, बाबांनी तयार केलेली.

त्याच सुमाराला बाबांनी एका रविवारी सात दरवाजांचा कागद हातात घेतला. बराच वेळ बघितला. मला वाटलं रेघेबद्दल काही बोलतील. ते भाचीला म्हणाले, "हे सगळं तुझ्या डोक्यातलं ना गं?" ती हो म्हणाली. मग माझ्याकडे वळून हसत म्हणाले, "म्हणजे तू नुसती शाई." चेष्टेत म्हणाले. ते स्वतः आयुष्यभर नुसती शाईच होते, त्यांना त्यात लागण्यासारखं काही दिसलं नसेल. माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

मे संपता संपता आठ तुकडे झाले. मोठं ट्रेसिंग मी एकटीने करायला घेतलं. तिला म्हटलं, पूर्ण होईपर्यंत बघायचं नाही. चार दिवस लागले. ते माझ्या हातून झालेलं सगळ्यात चांगलं काम आहे. मीठखड्याच्या खडकांना मी बारीक टिंबांनी सावल्या दिल्या होत्या, दरवाजे कंपासने केले होते.

वेलंगचा उत्तर किनारा तिने मोकळा ठेवला होता. तिथे काय आहे ते मम्मीने अजून सांगितलं नव्हतं, असं ती म्हणायची. मी तिथे एक डोंगर काढला. पाठमोऱ्या बसलेल्या बाईसारखा डोंगर, वर अंबाड्यासारखं शिखर, डावा खांदा जरा उतरता, आईचा उतरतो तसा. मानेच्या जागी पिंपळपानासारखा कोरा भाग सोडला, खांद्यावर दोन गोल. त्यांच्याकडे बाण दाखवून स्टेन्सिलने लिहिलं: पांढरे डाग. इथे काही उगवत नाही. आणि खाली डोंगराचं नाव घातलं, मामीचा डोंगर. मी तिला आई म्हणते. मामी म्हणणारी घरात एकच होती. स्टेन्सिलच्या अक्षरावरून कुणाचा हात ते कळत नाही, हे मला ठाऊक होतं. मग मी चौकट आखली आणि रेखाटलेच्या घरात तिचं अक्षर घातलं. बाकीची दोन घरं कोरी ठेवली.

मी ते खेळता खेळता केलं नाही. मला नेमकं काय व्हायला हवं होतं ते माहीत होतं.

सकाळी तिला ट्रेसिंग दाखवलं. ती गुडघ्यांवर बसून बघत राहिली. पहिल्यांदा चौकट बघितली, तिथे बोट ठेवलं, मग सगळं बेट बघितलं, पश्चिमेकडून सुरू करून. मी ते गुंडाळून ठेवलं. तेवढ्यात बाबा डबा घेऊन निघाले. त्यांनी ती गुंडाळी उचलली. "आज मशीन मोकळं आहे, तुम्हाला प्रत काढून आणतो." त्यांनी उलगडून बघितलंही नाही. ट्रेसर माणूस, कागदावरचं चित्र दुसऱ्याचं असतं अशी सवय.

बाबांच्या ऑफिसातले एक गृहस्थ आमच्याच बिल्डिंगमध्ये तळमजल्यावर राहायचे. मशीनमधून प्रत बाहेर येताना ते तिथे होते. त्यांना गंमत वाटली आणि त्यांनी बायकोला सांगितलं. दुसऱ्या दिवशी ती बाई नळावर सगळ्यांदेखत आईला म्हणाली, "वहिनी, तुमच्या भाचीने तुमचा डोंगर काढलाय म्हणे. डागांसकट." आणि तिची नजर सरळ आईच्या मानेवर गेली. आईने हंडा अर्धाच भरला आणि वर आली.

बाबांनी आणलेली प्रत तोपर्यंत भिंतीला टेकवून ठेवलेली होती. आईने ती जमिनीवर पसरली. तिने आधी डोंगर बघितला, मग पदराच्या आत हात घालून मानेवर ठेवला, जागा बरोबर आहे का बघितल्यासारखा. आम्हा दोघींना समोर उभं केलं. संध्याकाळचे सहा-सव्वासहा झाले असतील, बाबा नुकतेच येऊन चपला काढत होते.

"हे कुणी काढलं?"

मी खाली वाकून चौकटीवर बोट ठेवलं.

आईने भाचीकडे बघितलं. "हे तुझं?"

तिने कागदाकडे बघितलं. डोंगराकडे नाही, सगळ्या कागदाकडे, एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत. मग म्हणाली, "हो मामी. माझं आहे."

"माझ्या मानेला हात लावायची तू," आई म्हणाली. "तुला लावू देत होते मी."

आईने तिला मारलं नाही. मारलं असतं तर कदाचित प्रकरण तिथेच मिटलं असतं. आईने प्रत गुंडाळली, न्हाणीत जाऊन बंबात घातली आणि परत येऊन पोरीचे कपडे पिशवीत भरायला घेतले, घड्या घालून, एकावर एक, नीट.

बाबांनी आदल्या दिवशी ती प्रत नीट बघितली नव्हती, पण बंबाकडे जाण्याआधी आईने ती त्यांच्यापुढे धरली होती. त्यांना एक नजर पुरली. बाबा पन्नास माणसांच्या ट्रेसिंगमधून कुणाची रेघ कुठली ते सांगायचे. मी वळणावर पेन किंचित दाबते, ती खोड त्यांनीच दोन वर्षं मोडायचा प्रयत्न केला होता. त्यांनी माझ्याकडे बघितलं. मी त्यांच्याकडे बघितलं. मला वाटलं, संपलं. बाबा म्हणाले, "पाय धुऊन येतो," आणि मोरीत गेले. पाण्याचा आवाज बराच वेळ येत राहिला.

रविवारी ते तिला उल्हासनगरला सोडून आले. बदलापूरहून अंबरनाथ सोडलं की पुढचंच स्टेशन. निघताना ती आईच्या पाया पडली, आईने पाय मागे घेतले. माझ्याजवळ येऊन ती म्हणाली, "किती ओहोट्या झाल्या?" मी म्हटलं, "पाच." ती चपला घालून बाबांच्या मागे जिना उतरली.

त्या रविवारनंतर बाबांनी मला काही शिकवलं नाही. ट्रेसिंगचे तुकडे आणणंही बंद झालं. मूळ ट्रेसिंग मात्र ते ऑफिसातून परत घेऊन आले होते आणि त्यांनी ते कपाटावरच्या पत्र्याच्या नळीत ठेवलं. आईला ते माहीत नव्हतं. मला माहीत होतं. मला माहीत आहे हे त्यांना माहीत होतं. असे आम्ही पुढची बारा वर्षं एका घरात राहिलो.

तिची शाळा आठवीत सुटली. ती आपल्या आईच्या जागी बसून काज-बटणं करते, असं बाबा एकदा जेवताना म्हणाले. आईने ताटात भात वाढला आणि विषय तिथेच संपला. तिच्या लग्नाला बाबा एकटे गेले. अंबरनाथमध्येच दिली होती, चांगलं माणूस मिळालं म्हणाले. मी ड्राफ्ट्समनचा कोर्स केला आणि एका आर्किटेक्टकडे लागले. माझ्या कामाचं कौतुक व्हायचं. पहिल्या घरात अक्षर घालायची वेळ आली की मी नेहमी तीनदा तपासून घालायची, कुणाला वाटे मी फार काटेकोर आहे.

नव्वदीच्या मध्यावर बाबा गेले, आणि त्यानंतर दोनएक वर्षांनी आईला अर्धांगवायू झाला. डावी बाजू गेली, जीभ जड झाली, पण डोकं लखलखीत. मीच करत होते सगळं. एक दिवस दुपारी चारच्या सुमाराला दार वाजलं. ती होती. हातात शहाळं, अंगावर साधी सुती साडी, केस आता मागे एका पिनेत. मी तिला लगेच ओळखलं. तिने विचारलं, "मामींना भेटले तर चालेल?"

आई उशीला टेकून बसली होती. आता अंगावर पातळ गाऊन असायचा. कोड गळ्यावरून पुढे आलं होतं, झाकायचं बळही नव्हतं तिच्यात. आईने पदर नसलेल्या गळ्यावर उजवा हात ठेवला. भाची जवळ जाऊन वाकली, "मामी, ओळखलंत?"

आईला शब्द जुळवायला वेळ लागला. पण जुळवले. "बघायला आलीस?" ती म्हणाली. "बघ. अजून काही उगवलं नाही."

मी पाण्याचा ग्लास घेऊन दारात उभी होते. चार पावलांवर. सांगायला एक वाक्य लागलं असतं. आई, तो डोंगर मी काढला. आठ-दहा अक्षरांचं वाक्य. पण मग मला त्याच घरात, त्याच बाईची पाठ रोज पुसायची होती. मी ग्लास स्टुलावर ठेवला आणि म्हटलं, "शहाळं फोडून आणते." आईने तोंड भिंतीकडे वळवलं.

ती पाच मिनिटांत उठली. मी दारापर्यंत आले. चपलेत पाय घालता घालता तिने विचारलं, "वेलंगचा कागद आहे का गं अजून? पोरीला दाखवला असता. विचारते सारखी."

नळी आतल्या कपाटावर होती. "आईने जाळला," मी म्हटलं.

"तो छापलेला. मूळचा?"

"तोपण."

"असू दे. मेरेको तोंडपाठ आहे." ती हसली, पहिल्यांदाच. "सात दरवाजे तर पोरीलाही येतात. तिने विचारलं, उत्तरेला काय आहे. म्हटलं, डोंगर आहे. माझ्या बहिणीने काढलेला."

मी विचारलं, "तुला तेव्हाच कळलं होतं?"

"सकाळी दाखवलास ना तू, तेव्हाच बघितला. मानही बघितली, लिहिलेलंही वाचलं." ती वाकून चपलेचा पट्टा लावायला लागली. "तुला सांगणार होते खरवडायला. पण खाली पहिल्यांदा माझं अक्षर घातलं होतंस. वाटलं, काही म्हटलं तर तेही खरवडशील."

आतून आईचा आवाज आला, जड, ओढत. "गेली का ती?"

ती अजून पट्टाच लावत होती. वर बघितलं नाही, पण हात थांबले.

"गेली," मी आत ऐकू जाईल असं म्हटलं.

तिने पट्टा लावून पुरा केला, उभी राहिली, मान हलवली आणि जिना उतरून गेली.